उलट्या अंगाचं लग्न

१९ नोव्हेंबर १९२८, किहीम

आज दुपारी माझं आयुष्य बदललं. बाळाजीपंत ओरडले, "हात पुढे कर सद्या, खांबासारखा उभा काय!" मी हात पुढे केला आणि त्यात कोकिळेचा हात आला. बस्स. इंटरच्या वर्गातून अर्ध्या तासातच उठून कॉलेज सोडलं तेव्हाही असं काही झालं नव्हतं. तेव्हा नुसता राग होता.

नीट लिहून ठेवतो, नाहीतर पुढे माझं मलाच खरं वाटणार नाही. आमच्या चित्रातल्या सरदाराचं लग्न दिवाळीआधीच घेऊन झालं होतं. दयाराम नवरा, कोकिळा नवरी. मुंबईची नटी बोटीला भिते म्हणून आली नाही, तेव्हा बाळाजीपंतांनी मिठागरावर काम करणाऱ्या या पोरीला शालू नेसवून उभी केली. लग्न लांबून घेतलं. हातात हात देतानाचं जवळून घ्यायचं राहिलं. दयाराम "दोन दिवसांत येतो" म्हणून मुंबईला निघाला आणि रेवसपुढे मचवा कलंडला. बाकीचे पोहून आले. हा पैलवान गडी, चित्रात आरमाराचा सरदार, आणि पोहता येत नव्हतं! थळच्या खडकात त्याचं प्रेत सापडलं.

म्हणून आज माझा हात. "हाताला कोण ओळखतंय?" बाळाजीपंत म्हणाले. चित्रपटाची कंपनी त्यांची, शिव्याही त्यांच्याच. दयारामचा अंगरखा मला चढवला. ढगळ होत होता, पाठीमागून टाचण्या मारल्या. काखेत त्याच्या घामाचा वास अजून होता.

कोकिळेचा हात गार होता. मिठानं बोटांच्या पेरांना चिरा पडलेल्या. माझ्या हातात तो थरथरत होता, आणि तिची नजर त्या अंगरख्याच्या बाहीवरून हलत नव्हती. थरथर कशाची ते न कळायला मी काही दगड नाही.

२१ नोव्हेंबर

आजपासून जोडकाम. माझी खोली म्हणजे बंगल्याची मागची कोठी. टेबलाला मध्ये काच, काचेखाली आरसा. उत्तरेच्या खिडकीतला उजेड आरशावरून काचेतून वर येतो आणि फिल्मवरची चिमुकली माणसं उजळतात. दार लावून घेतलं की बाकी खोलीत काळोख. एक कात्री, एक पातं, आणि जोडायचं औषध. त्याला पिकून काळ्या पडलेल्या केळ्यांसारखा वास येतो. विडी ओढायची नाही. एक ठिणगी पडली तर फिल्म, टेबल आणि सदाशिव अशा क्रमानं जळतील, असं बाळाजीपंत सांगतात.

फिल्मच्या एका अंगाला मसाला असतो, त्या अंगावर चित्र. दुसरं अंग गुळगुळीत. जोडताना मसाला खरवडायचा, औषध लावायचं, दाबून धरायचं. एवढंच. पण एवढ्यात काय होतं बघा: दयाराम मान खाली घालून हसतो. कात्री. मग हात, तिच्या हातावर येणारा. बघणाऱ्याला वाटतं, हसला आणि हात धरला. चेहरा त्याचा, हात माझा. मध्ये एक मरण गेलंय, आणि ते कुठे दिसत नाही.

आज तो तुकडा मशीनवर घालून हातानं हँडल फिरवत पाच-सहा वेळा पाहिला. शेवटच्या वेळी माझा हात त्याचाच वाटला. जेवताना उजवा हात भातात घातला तर भात गरम आहे की गार, कळेना.

२२ नोव्हेंबर

ती आली होती! आत्याला, बायजाला, सांगून आली नव्हती हे उघड. दारातच उभी राहिली.

"मास्तर, माजं चित्र दावाल?"

तिला काचेवर वाकायला सांगितलं. लग्नाचा तुकडा दाखवला तर तिनं डोळे झाकले. "ह्ये नको. दुसरं हाय न. मी दर्याकडं बघतंय ते."

ते म्हणजे निरोपाचं दृश्य. नवरा लढाईला निघालाय आणि ही किनाऱ्यावर उभी. त्या दिवशी दयाराम हजरच नव्हता, तिनं नुसतं पाण्याकडे बघायचं होतं. मी मचव्यापाशी बाळाजीपंतांची छत्री धरून उभा होतो. तिनं जे बघितलंय! तसं बघायला कुणी शिकवत नाही. ते दृश्य मी शंभरदा पाहिलंय, आणि दर वेळी ती नजर कॅमेऱ्याच्या बाजूनं सरळ मचव्याकडे जाते. मचवेवाला चंदर कमरेइतक्या पाण्यात मचवा धरून होता, तो आणि मी, आम्ही दोघंच होतो तिथे.

ती खूप वेळ बघत होती. मग विचारलं, "कापलेलं परत जोडता येतं?"

"येतं की."

"कायबी?"

"काहीही."

हसली आणि गेली. आता याहून स्पष्ट बाईमाणसानं काय बोलावं?

२५ नोव्हेंबर

आज सगळा घोळ झाला. घोळ कसला, अनर्थ.

सकाळी बायजा आणि चंदरची आई बंगल्यावर आल्या. बायजा म्हणजे इथली धवलारीण. आगऱ्यांच्या लग्नात ही बाई धवळे, म्हणजे लग्न लावायची गाणी, म्हणते, आणि तिनं ते म्हटल्याशिवाय त्यांच्यात लग्न लागत नाही. बाळाजीपंतांनी चित्रातल्या लग्नातही तिला गायला लावलं होतं. मुक्या चित्रात गाणं कशाला, मी विचारलं होतं, तर म्हणे, "गाणं ऐकलं की पोरीच्या तोंडावर लाज येते, ती फिल्मवर येते." आणि वामनभटांना, किहीमच्या खऱ्या भटजींना, नुसते ओठ हलवा म्हटल्यावर ते खवळले होते: "वामनभट ओठ हलवत नाही. मंत्र म्हणायचा तर मंत्र म्हणेन." म्हटले. होम पेटवला, फेरे घातले, सप्तपदी चालवली. तेव्हा आम्ही सगळे हसलो होतो.

आज कुणी हसलं नाही. चंदरशी कोकिळेची सोयरीक ठरलेली आहे (हे मला आज कळलं. असो. सोयरिकी काय, ठरतात नि मोडतात). चंदरची आई म्हणाली, "आगीसमोर फेरे झाले, धवळे झाले. पोर दयारामाची झाली. आनि त्यो बुडाला. म्हंजे ही रांड झाली."

"अहो, ते चित्र होतं!" बाळाजीपंत.

"मंत्र चित्रातलं व्हतं? इचारा तुमच्या भटाला."

वामनभटांना बोलावलं. ते आले ते तोऱ्यातच. "मंत्र खरे. अग्नी खरा. मी खोटं लग्न लावलेलं नाही आणि खोटं बोलणारही नाही."

"ऐकलं?" चंदरची आई म्हणाली. "बुडालेला मानूस हाय त्यो. माजा पोर रोज पान्यात उतरतो. त्याची बायको घरात आनली तर त्यो पाय धरून खाली वढील माज्या पोराचा. रांडेशी पाट न्हाय न् लगीन न्हाय, मना ही पोर नको."

बायजा भिंतीशी खाली बसली. मग म्हणाली, "धवळे मीच म्हनलं. माज्या तोंडानं." आणि पदरात तोंड खुपसलं.

येत्या अवसेला कोकिळेच्या बांगड्या फोडायच्या ठरल्या आहेत. आयुष्यभर. एका चित्रापायी.

२६ नोव्हेंबर

मी मूर्ख नाही, पण आज मूर्खासारखा वागलो. बायजाच्या अंगणात जाऊन ओरडलो, "हात माझा होता! तिचा हात धरला तो मी! नवरा कुणी असेल तर मी आहे, आणि मी जिवंत आहे!"

बायजानं सूप खाली ठेवलं. "तुजा हात सात फेऱ्यांच्या नंतर आला रं भटाच्या पोरा. न् मेलेल्याच्या बाहीतनं आला."

कोकिळा आतून बाहेर आली नाही. चंदर तिथेच दावं वळत बसला होता. उठला, माझं बकोट धरलं आणि कुंपणाबाहेर ठेवून आला. मारलं नाही. मारलं असतं तर बरं वाटलं असतं.

३० नोव्हेंबर

काम करतोय. दुसरं काय करणार? पालीला बाबांकडे जायचं तोंड नाही.

दयाराम मला सोडत नाही. काचेवर तो दिवसभर माझ्या बोटांत असतो. मी त्याला हसवतो, थांबवतो, तलवार उपसायला लावतो, मध्येच कापतो. कापलेले तुकडे खिळ्यांवर लटकवलेले असतात; वारा आला की सळसळतात, आणि प्रत्येक तुकड्यात तो असतो, बोटाएवढा, तोंड उघडून काहीतरी बोलणारा. काय बोलत होता कोण जाणे. चित्र मुकं. त्याला हव्या त्या गप्पा मारायचा तो, कॅमेरा चालू असताना. एकदा तलवार उगारून "आज मुशीचं कालवण हाय" म्हणाला होता. आता ते हसू येत नाही. आता वाटतं, सांगतोय.

मोलकरणीनं आज माझ्या हातून पाण्याचा तांब्या घेतला नाही. खाली ठेवा म्हणाली. उजवा हात दिसला की बायका पदर सावरतात. मेलेल्याचा हात.

हाताला काहीतरी झालंय खरं. पातं लागलं, रक्त आलं, दुखलं नाही.

२ डिसेंबर

बाळाजीपंतांना दाखवायला लग्नाचा भाग जोडून नेला. दार-खिडक्या बंद करून, कार्बाइडचा दिवा लावून, भिंतीवर. मी हँडल फिरवतोय. होम पेटतो, फेरे सुरू होतात, आणि बाळाजीपंत एकदम किंचाळले:

"थांब! थांब गाढवा! हे काय केलंस?"

मला काही दिसेना.

"डोळे फुटले का तुझे? भटाचा मुलगा ना तू? भटजीच्या जानव्याकडे बघ!"

बघितलं आणि अंगावर काटा आला. वामनभटांचं जानवं उजव्या खांद्यावर होतं. अपसव्य. पितरांचं काम करताना असतं तसं. मेलेल्यांना पाणी देताना असतं तसं. नवरा डाव्या हातानं लाह्या टाकत होता. आणि फेरे उलटे, चितेभोवती घालतात तसे.

"तुकडा उलटा जोडलास! मसाल्याचं अंग वरचं खाली गेलं! डावं-उजवं झालं सगळं. लग्न लावतोयस का श्राद्ध घालतोयस?"

कुठल्याही नवख्याच्या हातून होणारी चूक. औषध लावताना लक्ष नव्हतं. एरवी कुणाला कळलीही नसती. पण वामनभटांना उपरणं काढून उघड्या अंगानं बसवलं होतं बाळाजीपंतांनीच, "प्रेक्षकाला भट कळला पाहिजे" म्हणून. काळ्या अंगावर ती पांढरी रेघ लख्ख दिसते.

तुकडा सोडवून सरळ केला. पण ती फेऱ्यांची माणसं डोळ्यांसमोरून जाईनात. दयाराम उलटा चालत होता, हसत होता, स्वतःच्याच चितेभोवती.

३ डिसेंबर

दिवसभर एकच विचार. अपसव्य लग्न हे लग्नच नव्हे. भट अपसव्य असेल तर मंत्र पितरांना पोचतात, नवरा-नवरीला नाही. मग कोकिळा कुणाची बायको नाही. कुणाची विधवा नाही. दयारामची नाही.

माझीही नाही.

पण मोकळी झाली तर स्वतःच्या मनानं येईल. तिनंच विचारलं होतं, कापलेलं परत जोडता येतं का. तेव्हाच तिच्या मनात हे असणार. मला आत्ता कळलं.

५ डिसेंबर

बाळाजीपंतांना म्हटलं, गाव बिथरलंय, नारळीच्या वाडीत त्यांना एकदा चित्र दाखवू, फुकट. त्यांना ते पटलं. पुढचं काम याच किनाऱ्यावर घ्यायचंय, मचवे चंदरच्या भाऊबंदांचेच लागणार. तुकड्याचं मी काही बोललो नाही.

दोन नारळींमध्ये धोतर ताणलं. सूर्य बुडाल्याबरोबर सगळी वस्ती येऊन बसली, पुढे पोरं, मागे बाया, कडेला पंच. वामनभट खुर्चीवर, एकटे. कोकिळा बायजाच्या मागे. हँडल माझ्या हातात.

पहिल्यांदा गलबतं, तलवारी. पोरं ओरडत होती. मग दयाराम आला आणि सगळ्या वाडीत कुणी खोकलं नाही. एका म्हातारीनं हात जोडले.

मग लग्न.

सुरुवातीला कुणाला काही कळलं नाही. मग पंचांतला एक हळूच म्हणाला, "फेरं उलटं हायत न?" दुसरा: "व्हय रं. उलटंच." आणि मागून कुणीतरी, "नवरा डाव्या हातानं टाकतंय बघ, डाव्या!" कुजबूज वाढत वाढत समुद्राच्या आवाजावर गेली. आणि त्यात वामनभट उठून उभे राहिले. त्यांची सावली धोतरावर पडली, त्यांच्याच चित्रावर.

"माझं जानवं," ते म्हणाले. "अरे, माझं जानवं."

त्यांचा हात खांद्याकडे गेला. डाव्या. तिथे जानवं होतं. पडद्यावर दुसऱ्या खांद्यावर. एकदा पडद्याकडे बघत, एकदा अंगाकडे.

बायजा ताडकन उठली. "अगो, मी डोळं मिटून म्हनत व्हतो! मना काय ठावं? भटच उलटा बसला व्हता तर माजं धवळं लागतीलच कसं!" आणि पंच म्हणाले, व्हय, मनाबी तवाच कायतरी चुकल्यावानी वाटलेलं, आणि आणखी चौघांना तेव्हाच वाटलं होतं. एक तर म्हणाला, मी बोलनारच व्हतो. परद्यावर दिसतंय ते खोटं कसं असेल?

बाळाजीपंतांनी माझ्याकडे बघितलं. कान खाजवला. पुढचं रीळ माझ्या हातात दिलं.

शेवटी निरोपाचं दृश्य आलं, कोकिळा किनाऱ्यावर, दर्याकडे बघणारी. आणि चंदर मोठ्यानं म्हणाला, "ह्ये बघ, ह्ये बघ! मी दोर सोडला तवाचं!" सगळे हसले. बायजाच्या मागून कोकिळेचंही हसू ऐकू आलं.

मी हँडल फिरवत राहिलो.

६ डिसेंबर

पंच बसले आणि उठलेसुद्धा. लग्न झालंच नाही असं ठरलं. बांगड्या राहिल्या.

दुपारी चंदर खोलीशी आला. आत आला नाही, उंबऱ्यावर बसला, बराच वेळ पाय घासत राहिला.

"मास्तर, लग्नाच्या मांडवामागं दर्या व्हता."

"होता."

"खांदेरीच्या बेटावरचा दिवा आपल्या हिकडनं डाव्या अंगाला दिसतोय. काल उजव्या अंगाला व्हता."

मी कात्री पुसायला घेतली.

"मी रोज जातंय तिकडं. दर्या कुटं हाय ते मना ठावं हाय." उठला. "आयला न्हाय सांगितलं. कुनालाच न्हाय. तुमी जेवायला या, लग्नाला. कोकिळानं बोलावलंय."

"कुणाच्या लग्नाला?" मी विचारलं. खरंच विचारलं. इतका गाढव.

चंदरला कीव आली असावी. "माज्या," तो म्हणाला. हळू.

८ डिसेंबर

फाडून टाकायला निघालो होतो. काय? सगळं. ते निरोपाचं दृश्य काढलं, कात्री लावली, दोन तुकडे केले. मग काचेवर ठेवून पुन्हा बघितलं. तिच्या नजरेची रेघ काढली तर छत्रीच्या बऱ्याच खालून, पाण्यालगत जाते. मी ते रोज बघत होतो. माझं कामच ते आहे, कोण कुणाकडे बघतंय ते जुळवणं.

परत जोडलं. जोड दिसत नाही. काम चांगलं येतं मला, एवढं खरं.

९ डिसेंबर

वामनभट आले. चार दिवसांत माणूस वाळून गेलाय. बसा म्हटलं तर बसले नाहीत. डावा खांदा हातानं चाचपत होते. सवयच लागलीय म्हणे, सारखं बघतात जानवं जागेवर आहे का.

"सदाशिवा, तू समोर होतास त्या दिवशी. ब्राह्मणाचा मुलगा आहेस. खरं सांग. माझं जानवं कुठल्या खांद्यावर होतं?"

मी हातातलं पातं खाली ठेवलं.

"सकाळी एका ठिकाणी श्राद्ध करून आलो होतो मी. सव्य करायचं राहिलं असेल का? मला आठवत नाही रे. आठवतं ते डाव्या. पण दिसलं ते उजव्या. मी अपसव्य मंत्र म्हटले असतील तर..." त्यांनी पुन्हा खांदा चाचपला. "दयाराम आठ दिवसांत गेला, सदाशिवा."

डाव्या, असं म्हणायचं होतं फक्त. एक शब्द. खरा शब्द. आणि तो म्हटला असता तर वामनभट उड्या मारत पंचांकडे गेले असते, लग्न खरं झालं असतं, कोकिळा पुन्हा त्याची रांड झाली असती आणि चंदरच्या आईनं दार लावलं असतं. मांडवाला पाच-सहा दिवस राहिलेत. खोटं कशाला लिहू, हे सगळं मला त्या क्षणी दिसलं आणि गोड वाटलं. जिभेवर आलं होतं. तिला हसायला आलं होतं ना, चंदर बोलला तेव्हा? मोठ्यानं?

खिळ्यांवरचे तुकडे सळसळत होते. तो मेलेला माणूस बोटाएवढा होऊन शंभर ठिकाणी बोलत होता.

"उजव्या," मी म्हणालो.

वामनभटांनी मान हलवली, जणू त्यांना ठाऊकच होतं. "म्हणजे मीच पोचवला त्याला." आणि दार न लावताच गेले.

१२ डिसेंबर

अवस. वामनभटांना आता कुणी बोलावत नाही. सत्यनारायण होता एकीकडे, अलिबागहून दुसरा भट आणला. पोरं त्यांच्या मागे "उलटा भट, उलटा भट" ओरडतात. किनाऱ्यावर दिसले मला, पाण्यात उभे, ओंजळीनं पाणी देत होते. कुणाला ते मला माहीत आहे. त्यांचा काही संबंध नाही त्याच्याशी. दयारामला मचव्यानं मारलं, त्याला पोहता न येण्यानं मारलं. वामनभटांना मी मारतोय.

हात अजून बधिर.

१६ डिसेंबर

लग्न लागलं. गेलो नाही. कोठीत बसून ऐकलं. भट नव्हता, बायजानंच लावलं, नुसत्या धवळ्यांवर. तिचा आवाज वाडीच्या या टोकापर्यंत येत होता. आज डोळे उघडे ठेवून म्हणत असणार.

कोकिळा हळदीच्या अंगानं परवा कुंपणाशी आली होती. "येवा न मास्तर," म्हणाली. "तुमी जोडलंत." मी कामाचं निमित्त सांगितलं. तिला बरंच वाटलं असावं, पुन्हा म्हणाली नाही.

बाळाजीपंत म्हणतात, मुंबईच्या कॉपीत तो तुकडा सरळ कर आणि पुढच्या चित्रालाही राहा, हात चांगला आहे तुझा. हात!

१७ डिसेंबर, रेवसचा धक्का

बोटीला वेळ आहे म्हणून लिहितो. मुंबईला जाईन, कुठल्या तरी कंपनीत कापायचं काम मिळेल. नाही मिळालं तर बघू.

सकाळी लग्नाचा तुकडा सोडवला. सरळ करून जोडायला घेतला आणि थांबलो. मग वामनभटांना बोलावून आणलं. यायला तयार नव्हते. मी जवळजवळ ओढतच आणलं. स्टुलावर बसवलं. तुकडा काचेवर ठेवला, बोटांनी दाबून.

"हे बघा काका."

"मला नको दाखवू पुन्हा."

"बघा. हे तुम्ही. जानवं उजव्या खांद्यावर. दिसलं? आता." मी तुकडा उचलला, उलटवला, पुन्हा ठेवला. "आता बघा."

ते वाकले. बराच वेळ वाकलेलेच. मग स्वतःच्या बोटांनी तुकडा उचलला, उलटवला, ठेवला. पुन्हा उचलला. ओठ हलत होते, पण आवाज नव्हता.

"त्या दिवशी तुमचं काही चुकलं नव्हतं," मी म्हणालो. "मी उलटा जोडला. मुद्दाम. आणि तुम्ही विचारलंत तेव्हाही खोटं बोललो."

मला वाटलं मारतील. मारायला हवं होतं. त्यांनी एवढंच विचारलं, "बायजाच्या भाचीचं लग्न लागलं?"

"काल लागलं."

"कुणी लावलं? मला नाही बोलावलं."

"धवळ्यांवर लागलं. भट नव्हता."

ते पुन्हा काचेवर वाकले. आता एक शब्द त्यांच्याकडे होता, माझ्याकडे होता तसाच. पंचांचं घर वाडीच्या पलीकडे. तिथे जाऊन तुकडा दाखवला की वामनभट पुन्हा वामनभट होणार, आणि हळद अंगावर असलेली ती पोर पुन्हा अंगणात येणार. खोटं बोलत नाही मी, हे त्यांनी तोऱ्यात सांगितलं होतं. आणि ते खरं होतं, आयुष्यभर.

"काका, तुम्ही काय करणार?"

तुकडा एकदा या अंगानं, एकदा त्या अंगानं. खालच्या उजेडात त्यांचा चेहरा म्हाताऱ्या बाईसारखा दिसत होता. खांदा चाचपणारा हात मात्र खाली आला होता, टेबलावर स्वस्थ पडला होता.

मी वळकटी उचलली. उचलताना दोर तळव्यात रुतला आणि दुखलं. दुखलं म्हणून एकदम थांबलो. मग हात बदलला नाही.

"सदाशिवा," ते मागून म्हणाले, वर न बघता. "दार ओढून घे. बाहेरच्या उजेडानं नीट दिसत नाही."

मी बाहेर आलो आणि दार ओढून घेतलं.